ओठ मिटायचे की नाही

लेवन, फाइफ, स्कॉटलंड
४ नोव्हेंबर १९४५

सलोमेयाताई,

तुझं पत्र मिळालं. रेडक्रॉसच्या पाकिटातून आलं, दोन जागी फोडून परत चिकटवलेलं. नऊ वर्षांत तुझं पहिलं पत्र आणि त्यात अकरा ओळी. बाबा गेले ही सातवी ओळ. मी ती बराकीत उभ्यानं वाचली, मग सोबतच्या कोस्तेकनं हाक मारली म्हणून गाण्याच्या तालमीला गेलो. गाणं बसवणारे लेफ्टनंट म्हणाले, "इग्नाश, आज तू चक्क सुरात आहेस. बरंबिरं नाही का?" मी म्हटलं, बरं आहे. हे सगळं जसं झालं तसं लिहितोय.

मला अजून वाचायला वेळ लागतो. नीट समजलं ना, हे बघायला तुझंच तुला परत लिहितो. १९४३च्या हिवाळ्यात तू आणि बाबांनी मास्तरांच्या गोठ्यात लपवलेल्या रेडिओवर लंडनहून आमचा सैनिकांचा गायनसंघ ऐकला. आम्ही बाबांचं कुंपणाचं गाणं गायलो, जे आपल्या घराबाहेर कुणाला माहीत नाही. बाबांना तोवर नीट ऐकू येईनासं झालं होतं, शब्द कळले नाहीत. ते एवढंच म्हणाले, "तो खालच्या पट्टीतला बेसूर, तो आपला इग्नाश. जिवंत आहे कार्टं." शब्द तुला कळले. बाबांच्या गाण्यात आहे 'म्न्ये चेकाय', माझी वाट बघ. तुला रेडिओतून ऐकू आलं 'न्ये चेकाय', वाट बघू नको. तू बाबांना काही बोलली नाहीस. नाताळच्या आदल्या दिवशी पाहुण्यासाठी जास्तीची ताटली मांडतात ती ते शेवटपर्यंत माझी म्हणून मांडत राहिले.

आणि आता पोलंडची सरहद्द सरकली, आपलं लिपूव्का रशियाच्या पदरात गेलं, गावातली आपली सगळी माणसं गाड्यांत बसून पश्चिमेला निघालीत. तुझ्या नावाची, म्हणजे शेवटची, गाडी जूनच्या पहिल्या आठवड्यात. तू विचारतेस, मधला 'म' गेला कुठं? चुकून गळला असेल तर तू घर सोडणार नाहीस, कारण दुसरा पत्ता मला माहीत नाही. मुद्दाम गाळला असेल तर तू जातेस.

तर चूक संघाची, ताई. चाळीस माणसं, स्टुडिओत थंडी, ओठ फुटलेले. आणि 'म' हे अक्षरच असं की ते तोंडात राहतं, मायक्रोफोनला सापडत नाही. एवढंच आहे ते.

बाबांच्या कबरीवर दिवे लावलेस का? परवा मृतांचा दिवस झाला. इथले लोक लावत नाहीत. आम्ही छावणीमागच्या भिंतीवर जॅमच्या डब्यांतून मेणबत्त्या लावल्या. मी एक जास्त लावली.

तुझा
इग्नाश


९ डिसेंबर १९४५

ताई,

मागचं पत्र पोचलं की नाही कळत नाही. सोबत नाताळला मोडून वाटून खायची पापडी पाठवतोय. आमच्या पाद्रींनी इथंच भाजून घेतली, थोडी करपली आहे. मी माझ्याकडचा कोपरा मोडून खाल्लाय. उरलेली तुझी.

संघाची हकिकत लिहायची म्हणतो, म्हणजे तुला ती चूक कशी झाली ते कळेल.

तुला माहीतच आहे, मी फ्रान्सला कोळशाच्या खाणीत गेलो होतो. लढाई लागल्यावर तिथल्या आपल्या सगळ्या खाणकामगारांना सैन्यात घेतलं. फ्रान्स पडलं तसं आम्ही कोळशाच्याच बोटीतून इकडे आलो. लोक म्हणत, काय हाल! मला तर कामावर गेल्यासारखंच वाटलं. इकडे लढाई नव्हती. किनाऱ्यावर काटेरी तारा लावायच्या आणि बटाटे सोलायचे. बटाटे सोलताना कुणीतरी गाणं म्हणायचं. एके दिवशी स्वयंपाकघराच्या दारात एक लांबुडका लेफ्टनंट येऊन उभा राहिला. आम्ही ताडकन उठलो. तो म्हणाला, "बसा, बसा. सोलत राहा. ते तिसऱ्या कडव्याला खालून कोण रेकतंय?"

सगळ्यांनी माझ्याकडे बोट केलं. मला वाटलं आता शिक्षा. ते लेफ्टनंट वेर्बेल. घरी असताना गायनशाळेत शिकवायचे. त्यांनी बटाट्यांसकट आम्हाला उचललं आणि संघ केला. पहिल्या दिवशी अकरा जण.

वह्या नव्हत्या, छापील काही नव्हतं. लेफ्टनंट म्हणाले, "प्रत्येकानं घरून एक गाणं आणलंय. खिशात नसेल, डोक्यात असेल. काढा बाहेर." मग एकेकानं समोर बसायचं, आपल्या गावाकडचं गाणं म्हणायचं, आणि ते कोठाराच्या जुन्या फॉर्मांच्या पाठीवर उतरवून घ्यायचे. एका बाजूला 'ब्लँकेटं चार, बूट जोड एक', दुसऱ्या बाजूला गाणं. संघाची सगळी दौलत ही. गाण्यांना नावंही माणसांचीच. कोस्तेक पोझनानचा न्हावी, त्यानं बोकडाचं दिलं, ते 'कोस्तेकचं'. ल्योन नावाचा एक शिंपी होता, त्याचं अंगाईगीत, ते 'ल्योनचं'. माझं म्हणजे बाबांचं. पण फॉर्मावर 'इग्नाशचं' असंच लिहिलंय. राग मानू नकोस.

आणि एक नियम. ज्याचं गाणं, सूर त्यानं द्यायचा. ओठ मिटून नुसता हुंकार द्यायचा, मग सगळे त्यावर उचलतात. ल्योन नॉर्मंडीत रणगाड्यात मारला गेला. त्याच्या गाण्याला आता कुणी सूर देत नाही. लेफ्टनंट हात वर करतात, आम्ही थोडं थांबतो आणि तसेच सुरू करतो. बरोबर पट्टीत लागतं, आश्चर्य आहे.

गाणी उतरवायच्या वेळी मला लिहिता येत नव्हतं. तिसरीतून काढलेला मी, आठवतं ना? बाबा म्हणायचे, या पोराच्या बुडाला मुंग्या आहेत. मी म्हटलं ते लेफ्टनंटनी लिहिलं. त्यांचे कान गायनशाळेचे, आपली बोली त्यांना कुठून कळणार? तेव्हा तो 'म' त्यांच्याकडून राहिला असणार. मागच्या पत्रात मायक्रोफोनचं लिहिलं होतं, तेही असेलच थोडं.

मिसेस डफ म्हणून एक बाई आहेत, तालमीच्या हॉलची किल्ली त्यांच्याकडे असते. कोस्तेकच्या बोकडाच्या गाण्याला त्या दर वेळी रडतात. त्यांना वाटतं ते स्तोत्र आहे. कुणी सांगत नाही, कारण रडून झालं की त्या चहा करतात.

इग्नाश


१७ फेब्रुवारी १९४६

ताई,

तुझं दुसरं पत्र आलं. चार ओळी. 'पापडी मिळाली. न्हाव्याच्या बोकडाचं कळलं. आधी माइकचा दोष, मग लेफ्टनंटचा. तू भात्यावरून उतरलास त्या दिवशी मला विचारून उतरला नव्हतास, आतातरी सांग.'

तू शाळामास्तरीण व्हायला हवी होतीस.

बरं, भात्याचं. हे मी इथं कुणालाच सांगितलेलं नाही. कोस्तेकला वाटतं मी भाकरीसाठी घर सोडलं. इथं सगळ्यांनी भाकरीसाठीच सोडलं, त्यामुळे खपून गेलं.

तुला खालून काय दिसलं मला माहीत नाही. मी वरून सांगतो. ख्रिस्ताच्या देहोत्सवाचा सण, चर्च गच्च, बाहेर फुलं पसरलेली, बिशप आलेले. बाबा ऑर्गनवर. मी मागे फळकुटाच्या आडोशाला, ऑर्गनला वारा भरणाऱ्या भात्याच्या दांड्यावर. दहाव्या वर्षापासून मी तिथंच. तू खाली पहिल्या ओळीत गाणार, बाबा वाजवणार, लोक म्हणणार 'काय घराणं आहे'. आणि वारा माझा. वाऱ्याला कुणी नावं ठेवत नाही आणि नाव देतही नाही. त्या सकाळी बाबा बिशपच्या माणसाला म्हणाले, "मुलीला स्वर कळतो. पोरगं आपलं भात्याला." तो माणूस हसला. वाईट अर्थानं नाही. बाबाही वाईट अर्थानं बोलले नव्हते. खाण कंपनीचा दलाल त्या आठवड्यात गावात होताच, माझा अंगठा आधीच उठवून झाला होता. मी रविवारी सांगणार होतो.

दुसरं कडवं चालू होतं. मी दांड्यावरून उतरलो. एवढंच केलं. जिन्यावरून खाली येईपर्यंत ऑर्गनमध्ये वारा शिल्लक होता. दारात पोचलो तेव्हा तो संपला. गाय व्यायला लागल्यावर हंबरते तसा आवाज झाला आणि सगळं गप्प. सगळ्यांनी वर पाहिलं, बाबांकडे. तू एकटीनं दाराकडे पाहिलंस. मला वाटलं तू गाणं बंद करशील. पण तू एकटीच ते कडवं पुढं गात राहिलीस, ऑर्गनशिवाय. सडकेवर लागलो तरी ऐकू येत होतं.

मी काही थांबलो नाही.

आता इथल्या बातम्या. लंडनमधल्या आपल्या सरकारला कुणी सरकार म्हणत नाही. संघ मोडणार असं बोलतात. कुणी अर्जेंटिनाला जायचं म्हणतो, कुणी घरी. कोस्तेक म्हणतो, "घर कुठंय ते सांगा, मी टोपी घालून तयारच आहे." मला जवळच्या खाणीनं विचारलंय. कोळसा सगळीकडे काळाच.

तुझ्या प्रश्नाचं उत्तर यात आलं नाही, मला कळतंय.

इग्नाश


१७ मार्च १९४६

ताई,

आज लिहूनच टाकतो.

गेल्या आठवड्यात मिसेस डफनी विचारलं, "बाळा, त्या तुझ्या गाण्याचा अर्थ काय रे?" मला इंग्रजी तुटकं येतं. मी म्हटलं, एक माणूस लढाईला चाललाय, बाईला सांगतोय, कुंपणापाशी माझी वाट बघ. मग तोंडून निघून गेलं, पण आम्ही गातो 'वाट बघू नको'. त्यांनी कप खाली ठेवला. "म्हणजे नक्की काय? थांबायचं की नाही तिनं?" मी म्हटलं, एका अक्षराचा फरक आहे. त्या म्हणाल्या, "त्या बाईला नाही रे एका अक्षराचा!"

मग तालमीनंतर मी लेफ्टनंटकडे गेलो आणि तो फॉर्म मागितला. तो जपलाय त्यांनी. पुढं 'पायमोजे, जोड सहा'. मागं बाबांचं गाणं. पहिल्या शब्दापाशी त्यांनी 'म' लिहिलाय आणि मग खोडलाय. आता मला वाचता येतं, त्यामुळे दिसला.

लेफ्टनंटनी नीटच ऐकलं होतं. त्यांचे कान गायनशाळेचे, उगाच नाही. तेव्हाच त्यांनी मला विचारलं होतं, "इग्नाश, इथं 'म' आहे ना?" मी म्हटलं, नाही. ते म्हणाले, "अरे, कुंपणापाशी बोलावून वाट बघू नको कोण म्हणेल? अर्थ लागत नाही." मी म्हटलं, आमच्याकडे असंच म्हणतात. मग लंडनला, स्टुडिओत, परत विचारलं. समोर काचेच्या पलीकडे माणूस बसलेला, भिंतीवर लाल दिवा, तो लागला की जगभर ऐकू जातं. दिवा लागायच्या आधी सूर देऊन घ्या, असं त्यांनी बजावलं होतं. लेफ्टनंट माझ्यापाशी आले, हळूच म्हणाले, "शेवटचं विचारतो. चाळीस जणांना सांगायचंय. ओठ मिटायचे की नाही?"

मी म्हटलं, नाही.

मग मी हुंकारून सूर दिला. दिवा लागला. आम्ही गायलो.

का, ते तू विचारशील. मी बराच विचार केला, बटाट्यांवर विचाराला वेळ भरपूर मिळतो. कुणी आपली वाट बघतंय म्हटलं की पायात काहीतरी अडकतं. फ्रान्समध्ये माझ्या खोलीत एक म्हातारा होता, त्याची बायको बावीस वर्षं वाट बघत होती. दर रविवारी तो तिला पत्र लिहायचा, पुढच्या वर्षी येतो. मला ते बघवायचं नाही. आणि खरं म्हणजे मला वाटलं होतं की माझी वाट कुणी बघतच नाहीये. ज्याच्यामुळे बाप सगळ्या गावापुढं गप्प झाला, त्याची वाट कोण बघेल! मग 'वाट बघ' असं मोठ्यानं म्हणायचं आणि तिकडून कुणीतरी मान फिरवायची, त्यापेक्षा आपणच आधी नको म्हटलेलं बरं. बाबा ताटली मांडत होते हे मला कुठं माहीत होतं?

तर मुद्दाम होता, ताई. मी चाळीस माणसांच्या तोंडून तुला नको म्हणवलं. स्वतःच्या तोंडानं धीर झाला नाही.

तू बाबांना सांगितलं नाहीस, ते फार मोठं केलंस. अडीच वर्षं ते एकटीनं पोटात ठेवलंस, आणि ठेवायला दिलं मी.

तू यावर काय लिहिशील त्याला मी तयार आहे. नाही लिहिलंस तरी.

इग्नाश


१५ एप्रिल १९४६

ताई,

हे पत्र वेळेत पोचायला हवं, म्हणून आज दुपारीच टपालात टाकतोय. मिसेस डफ स्वतः पोस्टात घेऊन जाणार आहेत. म्हणाल्या, "तुम्ही मुलं पत्रं खिशात घालून फिरता."

काल, ईस्टरच्या आधीच्या झावळ्यांच्या रविवारी, आमचा शेवटचा कार्यक्रम झाला. दुपारी तीन वाजता, गावच्या हॉलमध्ये. झावळ्या इकडे कुठून असणार? आपल्याकडच्यासारख्या विलोच्या झाडाच्या केसाळ कळ्यांच्या फांद्या तोडून आणल्या आणि छातीला खोचल्या. चाळीसपैकी सव्वीस उरलोय. आधी राष्ट्रगीत, मग कोस्तेकचं. मिसेस डफ रडल्या. मग ल्योनचं, सूर न देता. कोस्तेक माझ्या शेजारी उभा होता, म्हणाला, "यापुढं सगळीच गाणी अशी सुरू होणार, लेका. सूर देणारे पांगले की झालं." मी म्हटलं, गप उभा राहा.

मग माझं.

लेफ्टनंटनी माझ्याकडे पाहिलं. मी ओठ मिटून सूर दिला. नेहमी सूर द्यायचा, थांबायचं, मग त्यांचा हात पडतो आणि सगळे उचलतात. काल मी थांबलो नाही. हुंकार तसाच चालू ठेवला. ठरवून केलं असं नाही म्हणत, पण चुकूनही केलं नाही. चुकून झालं असं तुला परत लिहिणार नाही. हात पडला तेव्हा माझे ओठ अजून मिटलेलेच होते आणि बाकीच्यांनी 'न्ये' उचललं. माझा 'म' पुढं, त्यांचं 'न्ये' त्याला जोडून. ताई, पूर्ण शब्द लागला! हॉलमध्ये कुणाला काही कळलं नाही, त्यांना आपली भाषा येत नाही. लेफ्टनंटनी भुवई उचलली. दुसऱ्या ओळीला तोच शब्द परत येतो, तेव्हा कोस्तेकनं ओठ मिटले. तिसऱ्याला सगळ्यांनी.

नंतर लेफ्टनंट जवळ आले. मला वाटलं बोलतील. त्यांनी तो फॉर्म काढला, खोडलेल्या 'म'शेजारी पेन्सिलीनं परत 'म' लिहिला आणि कागद माझ्या हातात दिला. "नेहमीसारखाच सुराच्या खाली उतरला होतास," म्हणाले. मी म्हटलं, आमच्या बाबांनी तेवढ्यावरूनच ओळखलं होतं. तेव्हा त्यांना सगळं सांगितलं. ऐकून घेतलं त्यांनी, मग टोपी घालून गेले. ते मँचेस्टरला एका कापडगिरणीत लागणार आहेत.

फॉर्म या पाकिटात घातलाय. बाबांच्या गाण्यांच्या वहीत ठेव. 'पायमोजे, जोड सहा' लिहिलेली बाजू खाली कर.

आता तुझं उत्तर. ते गाण्यातून नाही, सरळ लिहितो आणि माझ्या एकट्याच्या नावावर लिहितो.

लिपूव्कात माझी वाट बघू नकोस. त्या कुंपणापाशी मी येणार नाही, कुणीच येणार नाही. गाडीत बस. बाबांची वही घे, ताटली घे, गाय नेऊ देत असतील तर गाय घे. बाबांच्या कबरीवरची मूठभर माती रुमालात बांध. मागे बघून गात बसू नकोस, तुला ती खोड आहे.

जिथं उतरवतील तिथला पत्ता कळव. मी खाणीच्या कागदावर सही केलेली नाही. आता सही करता येते, तरी नाही केली. आणि नव्या गावात चर्च असेल, त्यात ऑर्गन असेल, तर विचारून ठेव, भात्यावर कोण असतं?

तुझा
इग्नाश